पुण्यात तापकीर गल्लीतलं एसएमपीएस (पीसीला वीज देणारा पॉवर सप्लायचा डबा) रिपेअरचं दुकान, समोर उभं राहून काम बघितलं, ५ स्टार

माझा पीसी महिनाभर त्रास देत होता, सकाळी बटन दाबलं की काहीच नाही, चार-पाच वेळा दाबल्यावर कसाबसा उठायचा आणि मग दिवसभर ठणठणीत. घराजवळच्या दुकानात सांगितलं मदरबोर्ड गेला, साडेसहा हजार. मित्र म्हणाला आधी एसएमपीएस दाखव, म्हणून बुधवार पेठेत गेलो, तापकीर गल्लीत आतल्या बाजूला छोटं दुकान आहे, काका एकटेच बसतात.

काकांनी आधी काही उघडलंच नाही. केबल लावून, मदरबोर्डला जोडतात त्या २४ पिनच्या कनेक्टरची फक्त जांभळी वायर मीटरवर बघितली. तिथे पीसी बंद असला तरी कायम ५ व्होल्ट पाहिजेत कारण बटन त्याच्यावरच चालतं, ४.७५ च्या खाली गेलं की गडबड. माझे आले ४.३! मदरबोर्डचा काही संबंधच नव्हता.

मग प्लग काढून, थांबून, उघडलं आणि पहिलं काम म्हणजे मोठ्या कॅपॅसिटरवर (वीज साठवणारा भाग) मीटर. आपल्याकडच्या २३० व्होल्टवर त्यात सव्वातीनशे व्होल्ट डीसी असतात आणि प्लग काढल्यावरही राहू शकतात. काही जण स्क्रूड्रायव्हरने शॉर्ट करतात तसं नाही, यांनी होल्डरमधल्या बल्बच्या दोन वायरी टेकवून साठलेलं व्होल्टेज उतरवलं आणि परत मोजलं. मी आदल्या रात्री घरी एसएमपीएसचे चारही स्क्रू काढून आत बघत बसलो होतो, हात घातला नाही हे नशीबच माझं, प्लीज कोणी घरी उघडू नका.

आत स्टँडबायच्या (पीसी बंद असताना ५ व्होल्ट देणाऱ्या) भागातले दोन कॅपॅसिटर फुगलेले. १०५ डिग्रीपर्यंत चालणारे, लो ईएसआर (आतला रेझिस्टन्स कमी) नवीन टाकले, व्होल्टेज जुन्याएवढंच. नंतर डायरेक्ट मेनवर नाही लावलं, १०० वॅटच्या बल्बच्या सिरीजमध्ये लावलं, आत शॉर्ट असता तर बल्ब फुल पेटून राहिला असता, पण क्षणभर लुकलुकला आणि मंद झाला. मग कनेक्टरची हिरवी-काळी वायर जोडून पीसीशिवायच चालू केलं आणि १२ व्होल्टला गाडीच्या हेडलाइटचा ५५ वॅटचा बल्ब लोड म्हणून लावला, अर्धा तास. हे मला सगळ्यात आवडलं, कारण नुसता पंखा फिरला म्हणजे एसएमपीएस चांगला असं नसतं, लोडवर १२ चे ११.४ च्या खाली जायला नको. माझे ११.९ वर टिकले, जांभळी ५.०५.

३५० रुपये घेतले. माझ्या आधीच्या माणसाचा जळका एसएमपीएस मात्र सरळ परत दिला, ट्रान्सफॉर्मरच गेलाय, पैसे घालू नका म्हणून. गॅरंटी तोंडी आहे, बसायला जागा नाही, फोन उचलत नाहीत आणि दीड-दोन तास मोडतात, गाडी लांब लावावी लागते ते वेगळंच. अख्खा कॅबिनेट उचलून नेऊ नका, फक्त एसएमपीएस आणि त्याची पॉवर केबल न्या, माझी केबल पण लूज निघाली ती तिथेच ८० रुपयांत बदलली.