चार जुन्या सिनेमांचा डीव्हीडी सेट : शशिकलासाठी घ्या

मागच्या महिन्यात सोलापूरला माहेरी गेले होते तेव्हा एका जुन्या सीडीच्या दुकानातून चार सिनेमांचा सेट उचलला. सुजाता, आरती, गुमराह आणि अनुपमा, सगळे मिळून तीनशे रुपये. कव्हरवर नूतन, मीनाकुमारी, माला सिन्हा, शर्मिला आणि सगळे हीरो, पण मी जिच्यासाठी घेतला तिचा फोटोच नाही, मागे बारीक अक्षरात नाव आणि ते पण दोनच सिनेमांखाली. शशिकला. माहेरची जवळकर, आमच्या सोलापूरची.

तिचं नाव काढलं की आईला आठवते ती भांडणं लावणारी बाई. म्हणून मुद्दाम वर्षाच्या क्रमाने बघायला घेतले आणि पहिलाच सुजाता (१९५९), त्यात ती सख्खी लेक रमा, हसरी, लाडकी, आणि तिच्यासाठी आणलेला मुलगा घरात वाढवलेल्या सुजाताच्या (नूतन) प्रेमात पडतो तरी हिच्या मनात काडीचाही आकस नाही. अशा भूमिकेत फार गोड वागलं की खोटं वाटतं पण तिचं एकदाही वाटलं नाही. आणि गंमत म्हणजे घर बंगाली, बिमल रॉयचा सिनेमा, पण आई सुलोचनाबाई, आत्याबाई ललिता पवार, नूतन समर्थांची आणि ही सोलापूरची, माझी आई म्हणाली अगं हे तर आपलंच घर झालं की!

मग आरती (१९६२). ही घरातली मोठी जाऊ जसवंती, आणि बापरे. ती ओरडत नाही फार, काम करता करता बोलते, एखादं वाक्य अर्धं सोडते आणि समोरचा उरलेलं स्वतःच्या मनाने पूर्ण करतो. घर फोडायचं म्हणजे काय ते या बाईकडून कळतं. समोर मीनाकुमारी आणि अशोककुमार असताना माझी नजर हिच्यावरच. फिल्मफेअर मिळालं ते बरोबरच, आणि पुढच्याच वर्षी गुमराहसाठी परत मिळालं, सहायक अभिनेत्रीचं सलग दोनदा. गुमराहमध्ये ती ब्लॅकमेल करायला येते, ते कशासाठी हे सांगत नाही, ज्यांनी बघितला नाही त्यांचा शेवट खराब होईल. तिथे ती हसते तेव्हाच जास्त भीती वाटते.

पण याच दोन सिनेमांनी तिचं नुकसान पण केलं असं मला मनापासून वाटतं, कारण नंतर तिच्याकडे बहुतेक तसलीच कामं आली. म्हणून अनुपमा (१९६६) शेवटी बघा. दिग्दर्शक ऋषीदांनी (हृषीकेश मुखर्जी) तिला मोकळी सोडलीय, बडबडी ॲनी, महाबळेश्वरची थंडी, आणि शर्मिला जवळजवळ बोलतच नाही तर ही दोघींच्या वाटचं बोलते. मला तर वाटतं तिच्यामुळेच तो सिनेमा उदास असून जड होत नाही.

आता सेटबद्दल. सुजाता आणि अनुपमाची प्रिंट चांगली आहे, आरतीचा आवाज मधेमधे बसतो, आणि गुमराह रंगीत आहे पण रंग उडून सगळं लालसर झालंय. सबटायटल्स फक्त दोनला. एवढं चालवून घेतलं असतं, खरा राग आला तो मेनूचा. मेनूत फक्त गाणी! गाण्याचं बटण दाबलं की थेट गाणं लागतं, पण सीनवर जायची काही सोयच नाही. आणि अशी सहायक कामं करणाऱ्या बायकांच्या वाट्याला गाणी कितीशी असतात, म्हणजे जसवंतीचा सीन परत बघायचा तर रिमोट धरून पुढे मागे करत बसा. आयुष्यभर दुसऱ्यांचे सिनेमे उभे केले, १९४५ च्या जीनतमधल्या कव्वालीपासून सुरुवात करून, २००७ ला पद्मश्री मिळाली, आणि डबा बनवणाऱ्याला तिच्यासाठी एक बटण ठेवावंसं वाटलं नाही.

तरी घ्या. तीनशेत चारी सिनेमे पूर्ण आहेत, कुठे कापलेलं दिसलं नाही.

२०२१ च्या एप्रिलमध्ये ती गेली तेव्हा आईने बातमी ऐकून फक्त "दुष्ट होती गं" म्हटलं होतं. परवा अनुपमा संपल्यावर आई उठून कागद पेन घेऊन आली, चारही सिनेमांत शशिकला कितव्या मिनिटाला येते ते लिहून काढलं आणि ती चिठ्ठी घडी करून डब्यात ठेवली.