हॅरी क्लाइन कुठे पाहावा : 'डेर कोमिसार' की 'डेरिक'?

जर्मन शिकणाऱ्या एका मित्राने परवा विचारलं, जर्मन नट फ्रिट्झ वेपरने रंगवलेला पोलीस हॅरी पाहायचा तर 'डेर कोमिसार' आणि 'डेरिक' या दोन जर्मन पोलीस मालिकांपैकी सुरुवात कुठून करू? विचारायला सोपं आहे. पण दोन्हीकडे शहर म्युनिकच, वाहिनी झेडडीएफच, लेखक हर्बर्ट राइनेकर आणि निर्माता हेल्मुट रिंगेलमान हेही तेच. हॅरी १९६९ पासून 'डेर कोमिसार'मध्ये तपास अधिकारी केलरसाहेबांच्या हाताखाली होता. १९७४ साली त्याची 'डेरिक'कडे जणू बदलीच झाली, आणि तिथे तो १९९८ पर्यंत, २८१ भाग, राहिला. जुन्या खुर्चीत हॅरीचा भाऊ एर्विन आला. तो रंगवला वेपरच्याच सख्ख्या धाकट्या भावाने, एल्मारने. आपल्याकडे लगेच वशिला म्हणाले असते.

'डेरिक'च्या बाजूने बोलायचं तर भाषा. डेरिकचं काम करणारा होर्स्ट टापर्ट सावकाश, एकेक शब्द सुटा करून बोलतो. माझं जर्मन जेमतेम असताना सबटायटलं बंद करायची हिंमत मला याच मालिकेने दिली. केलरच्या कचेरीत मात्र चौघं एकदम बोलायला लागले की मी अजूनही मागे जाऊन पुन्हा ऐकतो. शिवाय 'डेरिक' रंगीत. जर्मनीत १९६७ पासून रंगीत टीव्ही असूनही 'डेर कोमिसार' १९७६ पर्यंत कृष्णधवलच राहिली. मला तो धुरकट करडा रंग आवडतो, पण प्रत्येकाला आवडेलच असं नाही.

टापर्ट तरुणपणी वाफेन-एसएस या नाझींच्या सशस्त्र दलात होता हे २०१३ मध्ये उघड झालं आणि झेडडीएफने पुनःप्रक्षेपण बंद केलं, हेही माहीत असू द्या. त्यावरून काय ठरवायचं ते ज्याचं त्याने.

माझं ठरलं ते मात्र भलत्याच कारणाने. मी 'डेरिक' लावली की बायको स्वयंपाकघरातून ये-जा करता करता बघायची. एकदा ती थांबली आणि म्हणाली, "याला कुणी बस म्हणत नाही का हो?" तेव्हापासून मला दुसरं काही दिसेना. डेरिक सोफ्यावर बसून विधवेशी बोलतोय आणि हॅरी कोट घालून दाराशी उभा. डेरिकला कळलंय, आपल्यालाही कळलंय, तरी हॅरी विचारणार, "म्हणजे काय, श्टेफान?" मग डेरिक समजावणार. "हॅरी, गाडी काढ" हे वाक्य जर्मनीत म्हणीसारखं झालंय. ते त्या नेमक्या शब्दांत 'डेरिक'मध्ये कधी आलंच नाही म्हणतात, पण लोकांना ते पटतं, यातच सगळं आलं. सगळे भाग असेच आहेत असा माझा दावा नाही. मी काही मोजत बसलो नव्हतो.

'डेर कोमिसार'मध्ये तोच पोरगा टेबलाच्या कडेवर टेकतो, मध्येच बोलतो, चुकतो. तरुणांच्या अड्ड्यावर जायचं तर केलर त्यालाच पाठवतो. एरिक ओडंचा केलर मुख्य असला तरी खटला सगळे मिळून चघळतात, आणि सेक्रेटरी रेबाइनबाईंनाही त्यात वाटा मिळतो. 'डी ब्रुकं' (१९५९) या चित्रपटातला शाळकरी सैनिक आणि 'कॅबरे' (१९७२) मधला आपलं ज्यूपण लपवणारा फ्रिट्झ ज्याने केला, तो नट इथे ओळखू येतो. 'डेरिक'मध्ये मला तो शोधावा लागतो.

म्हणून मित्राला म्हटलं, भाषेसाठी बघत असशील तर खुशाल 'डेरिक' बघ. वेपरसाठी बघत असशील तर माझ्या मते 'डेर कोमिसार'चे दहा भाग आधी बघ.

आणि त्यानंतरही दाराशी उभा असलेला हॅरी सोसवेना, तर २००२ मध्ये सुरू झालेली 'उम हिमेल्स विलन' ही मालिका आहेच. तिथे वेपर महापौर वोलर आहे. मठाच्या इमारतीवर डोळा ठेवून असतो आणि नन्सशी भांडतो. पहिल्याच भागात त्याला महापौराच्या खुर्चीत पाहून बायको म्हणाली, "बसला बाई एकदाचा!"