भारत गृह रक्षा: क्लेम करून पाहिल्यानंतर मत बदललं, पण एका जागी अडलंय

भारत गृह रक्षाबद्दल लिहायचं तर आधी घरसामानाच्या २० टक्क्यांबद्दल लिहायला हवं, कारण कंपनीशी माझं सगळं भांडण त्या एका कलमावरून झालं. पॉलिसी काय आहे हे बहुतेकांना माहीत असेलच. १ एप्रिल २०२१ पासून आयआरडीएआयने, म्हणजे देशातल्या विमा नियामक संस्थेने, ठरवून दिलेल्या एकाच मजकुराची ही घराची पॉलिसी आहे, त्यामुळे कंपनी कुठलीही घेतली तरी मूळ कलमं तीच असतात. म्हणून कंपनीचं नाव इथे देत नाही. जे सांगायचंय ते कलमांबद्दल आहे आणि ती कलमं तुमच्याही कागदावर असणार आहेत.

तर ते २० टक्के. इमारत आणि घरसामान अशी दोन्ही संरक्षणं घेतली असतील, तर इमारतीच्या विमा रकमेच्या २० टक्क्यांइतकं घरसामान, जास्तीत जास्त १० लाखांपर्यंत, आपोआप विम्यात येतं. त्यासाठी यादी द्यावी लागत नाही. कपाट, पलंग, गाद्या, भांडी, फ्रिज, कपडे, सगळं त्यात. यापेक्षा जास्त रक्कम हवी असेल तरच तपशील जाहीर करायचा. माझ्या मते अख्ख्या पॉलिसीतलं हे सगळ्यात उपयोगी कलम आहे आणि विकणारे नेमकं तेच सांगत नाहीत. माझ्या एजंटनेही सांगितलं नव्हतं. मी पॉलिसीचा कागद हातात आल्यावर वाचून घेतलं आणि त्या ओळीखाली रेघ मारून ठेवली.

रेघ कामाला आली. उन्हाळ्यात घरात कोणी नसताना गीझरला पाणी देणारी जोडनळी फुटली आणि गच्चीवरची टाकी रिकामी होईपर्यंत पाणी वाहत राहिलं. प्लायवूडचं कपाट खालून फुगलं, दिवाणातल्या गाद्या भिजल्या, खालच्या फळीवरची पुस्तकं गेली, जमिनीवर ठेवलेला इन्व्हर्टर बंद पडला. पाण्याच्या टाक्या, उपकरणं आणि नळ फुटणं किंवा भरून वाहणं हे या पॉलिसीतलं स्पष्ट लिहिलेलं संकट आहे. आग, वीज पडणं, भूकंप, वादळ, पूर, दरड, दंगल, दहशतवादी कृत्य, झाड किंवा वाहन येऊन आदळणं, या सगळ्यांच्या पंगतीत तेही बसलेलं आहे. लोक घराचा विमा म्हटलं की फक्त आगीचा विचार करतात. फ्लॅटमध्ये राहणाऱ्याला मात्र पाण्याची भीती आगीपेक्षा जास्त असते, असं मला आता पक्कं वाटतं.

कंपनीला त्याच संध्याकाळी कळवलं आणि दुसऱ्या दिवशी सर्वेअर, म्हणजे नुकसानीची पाहणी करून अहवाल देणारे, आले. शांत, वयस्कर गृहस्थ. त्यांनी प्रत्येक वस्तूला हात लावून पाहिलं, फोटो काढले आणि फुटलेली नळी मागितली. ती मी पिशवीत बांधून ठेवली होती. प्लंबर तुटका भाग सोबत घेऊन जायला निघतो, त्याला तो नेऊ देऊ नका. नळी फुटली होती, नुसती झिरपत नव्हती, याचा तोच पुरावा असतो.

इथपर्यंत माझी काहीच तक्रार नव्हती. मग क्लेम विभागातून फोन आला. "मॅडम, तुमच्याकडून सामानाची यादी आमच्याकडे आलेली नाही, त्यामुळे सामानाचं काही देता येणार नाही." मी म्हटलं, यादी लागतच नाही, कलम वाचा. त्यांनी वरिष्ठांना विचारून सांगतो म्हटलं. पुढचा फोन वेगळ्याच माणसाचा, त्याने कपाटाचं मूळ बिल मागितलं. कपाट सुताराने घरी बसून बनवलेलं, त्याचं कसलं पक्कं बिल? तिसऱ्याने पुन्हा यादीवर गाडी आणली. मला संताप याचा आला, की ज्यांचं रोजचं काम हेच आहे त्यांनी स्वतःच्या पॉलिसीचा कागद उघडून पाहिलेला नव्हता.

शेवटी फोनवर बोलणं बंद केलं आणि सगळं ईमेलवर आणलं. कलमाचा मजकूर जसाच्या तसा चिकटवला. सोबत आयआरडीएआयच्या २०२४ च्या नियमांची आठवण दिली: सर्वेअर २४ तासांत नेमायचा, त्याने १५ दिवसांत अहवाल द्यायचा, अहवाल मिळाल्यापासून ७ दिवसांत कंपनीने निर्णय द्यायचा आणि कागद नाहीत एवढ्याच कारणावरून क्लेम नाकारायचा नाही. दाव्याशी संबंधित आणि खरोखर लागणारेच कागद मागायचे. बिलाऐवजी कपाटाचे जुने फोटो आणि त्याच मापाच्या कपाटाचं सुताराकडून लेखी आणलेलं कोटेशन जोडलं. यानंतर यादीचा विषय कोणी काढला नाही. पैसे खात्यात आले. कपाट, गाद्या, पुस्तकं, सगळ्यांचे.

इथे माझं मत बदललं हे सांगायला हवं. पॉलिसी घेताना मी तिच्याकडे कर्जाच्या फायलीतला एक कागद म्हणून पाहत होते. बँकेने आग्रह केला, हप्ता कमी होता, घेऊन टाकली. आता मी ती कर्ज फिटल्यावरही चालू ठेवणार आहे.

खर्चाचं गणित बरेच जण चुकीच्या टोकाकडून करतात. फ्लॅटची बाजारातली किंमत ८० लाख असली म्हणून ८० लाखांचा विमा घ्यायचा नसतो, कारण त्यात जमिनीची किंमत आहे आणि जमीन जळत नाही. या पॉलिसीत इमारतीची रक्कम म्हणजे कार्पेट एरिया गुणिले बांधकामाचा चालू दर. माझं घर ६० चौरस मीटर, दर मी ३०,००० रुपये धरला, म्हणजे १८ लाख. त्याचे २० टक्के म्हणजे ३ लाख ६० हजारांचं सामान आपोआप आत. पाच वर्षांचा हप्ता एकदम भरला आणि वर्षाला भागून पाहिला तर १८ टक्के जीएसटी धरूनही हजार रुपयांच्या आत बसतो. महिन्याला शंभराच्या आत. पैशाच्या बाबतीत मी फार हात राखून वागते, पण या रकमेत इतकं मोलाचं दुसरं काही मी विकत घेतलेलं नाही. बाजारभावाने विमा काढला असता तर हप्ता कितीतरी जास्त गेला असता आणि इमारतीचं नुकसान झाल्यावर मिळालं असतं ते बांधकामाच्या खर्चाइतकंच.

दर थोडा कमी धरला गेला तर काय, ही भीती मलाही होती. जुन्या आगीच्या पॉलिसीत हा खरा फास असायचा: २० लाखांच्या घराचा १० लाखांचाच विमा असेल, तर २ लाखांच्या नुकसानीला १ लाखच मिळायचे. भारत गृह रक्षामध्ये ही कपात पूर्ण माफ आहे. विमा रकमेच्या आतलं नुकसान पूर्ण धरलं जातं. शिवाय एकापेक्षा जास्त वर्षांची पॉलिसी असेल तर इमारतीची रक्कम दरवर्षी १० टक्क्यांनी आपोआप वाढते, वेगळा हप्ता न घेता. पॉलिसी जास्तीत जास्त १० वर्षांची मिळते. म्हणून दरवर्षी नूतनीकरण करत बसण्यापेक्षा मी लांब मुदतीच्या बाजूची आहे. घर विकलं तर मध्येच रद्द करून न वापरलेल्या काळाचा हप्ता परत मागता येतो.

सोनं आणि चोरी याबद्दल थोडक्यात. दागिने, चांदी, चित्रं ही आपोआप आत येत नाहीत, त्यांचं संरक्षण वेगळं आणि आधीच ठरवलेल्या किमतीवर घ्यावं लागतं. एकूण रक्कम ५ लाखांपर्यंत आणि एकेक वस्तू १ लाखापर्यंत असेल तर मूल्यांकनाचा दाखला लागत नाही. रोख रक्कम कधीच धरत नाहीत. चोरी फक्त एकाच परिस्थितीत: आग, पूर वगैरे विम्यातलं संकट आलं आणि त्यातूनच ७ दिवसांच्या आत चोरी झाली तर. एरवी कुलूप तोडून चोरी झाली तर या पॉलिसीतून काही मिळत नाही, त्यासाठी घरफोडीचं संरक्षण वेगळं घ्यायचं.

आता जे मला खरोखर खटकलं ते. माझ्या घरातलं पाणी खालच्या फ्लॅटच्या छतातून उतरलं. खालच्या वहिनींचं फॉल्स सीलिंग पडलं, भिंतीचा रंग पापुद्रे होऊन सुटला. त्यांची भरपाई माझ्या पॉलिसीतून होत नाही. ही पॉलिसी माझं घर आणि माझं सामान एवढंच पाहते. माझ्यामुळे दुसऱ्याचं झालेलं नुकसान, म्हणजे थर्ड पार्टी लायबिलिटी, मूळ मजकुरात नाहीच. ते संरक्षण कंपनीकडून वेगळं घ्यावं लागतं. एकावर एक घरं असलेल्या इमारतीत राहणाऱ्यांसाठी बनवलेल्या पॉलिसीत ही उणीव मला मोठी वाटते. गेल्या महिन्यात सोसायटीच्या सभेत मी हा विषय मांडला. सोसायटीच्या आदर्श उपविधींत इमारतीचा आग आणि भूकंपाचा विमा काढायला सांगितलेलं आहे, पण आमच्या समितीला त्यात या लायबिलिटीचा भाग आहे की नाही हे सांगता आलं नाही. तुमच्या सोसायटीची पॉलिसी एकदा मागून पाहा. सभासदाला तो हक्क आहे. वहिनींचा खर्च आम्ही आमच्या खिशातून दिला आणि तो द्यायलाच हवा होता. पण हप्त्यात आणखी थोडे पैसे घालून तो विम्यातून भागला असता, ही चुटपुट आहे.

पावसाळ्यातल्या गळतीबद्दल बऱ्याच जणांनी मला विचारलं, म्हणून लिहिते. गच्चीतून किंवा वरच्या न्हाणीघरातून महिनोन्‌महिने मुरणारी ओल यात धरत नाहीत. ती झीज आणि देखभालीचा प्रश्न समजली जाते. नळ अचानक फुटला तर विमा, नळाच्या सांध्यातून वर्षभर थेंब पडत असेल तर प्लंबर. सर्वेअर हाच फरक शोधायला आलेले असतात, म्हणून ती तुटकी नळी इतकी महत्त्वाची.

कर्जदारांनी आणखी एक गोष्ट फायलीत तपासावी. कर्ज देताना मोठ्या हप्त्याची जी पॉलिसी सोबत जोडतात ती बऱ्याचदा कर्जदाराच्या जीवाची असते, घराची नसते. माझ्या चुलत बहिणीकडे तीच निघाली, घराचा विमा नव्हताच. घराच्या विम्यासाठी बँकेने सुचवलेलीच कंपनी घ्यावी असंही बंधन नाही.

राहिला इन्व्हर्टर. तो कंपनीने नाकारला आहे. पॉलिसीत विजेच्या उपकरणाचं शॉर्ट सर्किटने झालेलं स्वतःचं नुकसान वगळलेलं आहे, त्याचा आधार त्यांनी घेतला. माझं म्हणणं असं, की शॉर्ट सर्किट आपोआप झालं नाही, ते नळ फुटून आलेल्या पाण्यामुळे झालं आणि पाणी हे विम्यातलं संकट आहे. मूळ कारण पाणी असताना त्या वगळणीचा आधार कसा घेता, हे मी कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला लेखी विचारलं आहे. आयआरडीएआयच्या बीमा भरोसा या तक्रार पोर्टलवरही तक्रार नोंदवली आहे. महिनाभरात उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर विमा कंपन्यांविरुद्धच्या तक्रारी ऐकणाऱ्या विमा लोकपालांकडे जाता येतं. तिथे फी नाही, वकील लागत नाही, ५० लाखांपर्यंतचे दावे चालतात आणि अंतिम नकारानंतर वर्षभराच्या आत अर्ज करायचा असतो. पुण्यात आणि मुंबईत कार्यालयं आहेत. रक्कम मोठी नाही, तरी मी जाणार आहे. उत्तर आलं की इथेच खाली भर घालेन. तोपर्यंत पाचपैकी चार तारे पॉलिसीला आणि दोन तारे त्या क्लेम विभागाला.