डीएलएल दुरुस्तीच्या नावाखाली ३८ हजार गेले

मी नागपुरात मानेवाड्याला राहतो आणि जीएसटीचे रिटर्न भरायची कामं घरूनच करतो. स्नायूंच्या आजारामुळे हातात बळ नाही. ट्रॅकबॉलचा, म्हणजे गोळा फिरवून पॉइंटर हलवायच्या माउसचा, गोळा अंगठ्याने फिरवता येतो, पण बटण दाबणं होत नाही. त्यामुळे माझा सगळा धंदा दोन गोष्टींवर चालतो. एक म्हणजे विंडोजचा स्वतःचा ऑन-स्क्रीन कीबोर्ड. त्यात सेटिंग केलं की अक्षरावर पॉइंटर थांबवला तरी ते उमटतं. दुसरा एक छोटासा फुकट प्रोग्राम, जो पॉइंटर कुठेही थांबला की क्लिक करून देतो. हा दुसरा बंद पडला की कॉम्प्युटर चालू असूनही माझ्या काही कामाचा नाही. फसवणारे नेमक्या या लाचारीवर जगतात, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तारीख १९ होती. २० ला जीएसटीआर-३बी भरायची शेवटची मुदत, इतवारीतल्या व्यापाऱ्यांची कामं डोक्यावर. सकाळी क्लिकचा प्रोग्राम उघडेना. पडद्यावर पाटी आली: व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल सापडली नाही, प्रोग्राम पुन्हा टाकल्यास अडचण सुटू शकेल.

डीएलएल म्हणजे काय ते इथेच सांगून टाकतो. वस्तीतल्या मंडळाची पंगतीची भांडी असतात ना, प्रत्येकाने आपापली घेण्यापेक्षा एकदाच आणून सगळ्यांनी वापरायची, तशा या फाइली. कितीतरी प्रोग्राम एकच फाइल वापरतात. माझ्या प्रोग्रामला हवी होती ती मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लसच्या पॅकेजमधली. ती गेली कशी, ते नंतर कळलं. भाच्याने माझ्या कॉम्प्युटरची साफसफाई केली होती. "मामा, एकाच नावाच्या इतक्या नोंदी जागा खाऊन राहिल्या होत्या, काढून टाकल्या," म्हणाला. पोराचा काही दोष नाही, त्या यादीत वेगवेगळ्या वर्षांच्या नोंदी खरोखर एकसारख्याच दिसतात.

बायकोने मोबाइलवर फाइलचं नाव टाकून शोधलं. सगळ्यात वर जाहिरात: फाइल मोफत, दोन मिनिटांत दुरुस्ती. तिने माउस धरून ते माझ्या कॉम्प्युटरवर उतरवलं. उतरली ती डीएलएल नव्हतीच, "दुरुस्ती करणारा" एक प्रोग्राम होता. त्याने हिरवी पट्टी सरकवली आणि लाल अक्षरात शेकडो चुका दाखवल्या. सुधारायच्या असतील तर १,४९९ रुपये. समोर क्यूआर कोड. पैसे गेले, आणि "सपोर्ट टीम"चा नंबर पडद्यावर आला.

फोनवरचा माणूस अगदी मृदू बोलणारा. "सर, आपका सिस्टम तो पूरा इन्फेक्टेड है." दूरवरून पडदा बघता येणारं अ‍ॅप टाकायला लावलं आणि इव्हेंट व्ह्यूअर उघडून लाल खुणांची रांग दाखवली. ही रांग धडधाकट कॉम्प्युटरवरही असते हे लक्षात ठेवा. विंडोज बारीकसारीक कुरबुरींची नोंद तिथे करत असतो, तुम्ही आत्ता उघडून पाहिलं तरी दिसतील. मग त्याचा सूर बदलला. तुम्हाला चुकीचा प्लॅन लागला आहे, अपंग ग्राहकांना आमच्याकडे सवलत असते, १,४९९ परत करतो, फक्त बँकेत लॉगिन करून खातं तपासून घ्या.

आता ज्या गोष्टीसाठी हे लिहायला बसलो ती. पासवर्डच्या चौकोनात ठिपके उमटतात, त्यामुळे वाटतं कुणाला काही दिसत नाही. पण ऑन-स्क्रीन कीबोर्डवर प्रत्येक कळ निवडली जाताना उजळते. आणि मी पॉइंटर थांबवून टाइप करतो, म्हणजे प्रत्येक अक्षरावर चांगला ठळक थांबा. पलीकडे पडदा बघणाऱ्याला पासवर्ड चोरायचीसुद्धा गरज नाही, मी तो त्याला एकेक अक्षर दाखवत होतो. बँकांच्या लॉगिन पानावर जो चित्रातला कीबोर्ड असतो, त्याचंही तेच. कळांचे ठोके चोरून नोंदवणाऱ्या प्रोग्रामपासून वाचवायला तो दिला जातो, पण पडदाच दुसऱ्याच्या डोळ्यासमोर असेल तर त्याचा उपयोग शून्य. अपंगांना ऑन-स्क्रीन कीबोर्ड शिकवणाऱ्या कुणीही मला हे आजवर सांगितलेलं नव्हतं.

मग पडदा काळा झाला. "अपडेट चल रहा है सर, हाथ मत लगाइए." हात लावू नका म्हणे, मला! परत उजेड आला तेव्हा रिफंडचा एक फॉर्म समोर होता आणि त्यात ओटीपीचा रकाना. "अहो, मेसेज आला," म्हणत बायकोने आकडे वाचले, मी भरले. तो ओटीपी नवा लाभार्थी, म्हणजे पैसे ज्याला पाठवायचे त्याचं खातं, जोडायचा होता. काही वेळाने दुसरा आला, तो पैसे पाठवायचा. इंग्रजी मेसेजमध्ये तसं लिहिलेलं होतं, पण आकडे ठळक आणि बाकी मजकूर बारीक. मुदत संपायच्या घाईत आकडेच वाचले जातात, हे त्या लोकांना आपल्यापेक्षा जास्त ठाऊक असतं. ३८ हजार गेले. वरचे १,४९९ वेगळे.

बायकोने आधी वायफायचं बटण बंद केलं आणि लगेच १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला, फोन लावला, हे तिचंच डोकं. तिथे व्यवहाराचा क्रमांक, वेळ, बँकेचं नाव विचारतात. पैसे पुढच्या खात्यात असेपर्यंत ते अडवता येतात, म्हणून इथे मिनिटाला किंमत आहे. आमचे साडेअकरा हजार असे अडकले, बाकीचे तोवर पुढे निघून गेले होते. नंतर सायबरक्राइम.गव्ह.इन वर रीतसर तक्रार आणि बँकेला लेखी कळवणं. बँकेचं म्हणणं, ओटीपी तुम्हीच दिला. रिझर्व्ह बँकेच्या जुलै २०१७ च्या परिपत्रकाप्रमाणे ग्राहकाच्या निष्काळजीपणाने गेलेले पैसे तक्रार करेपर्यंत ग्राहकाच्या माथी, तक्रारीनंतर गेलेले मात्र बँकेच्या. म्हणून बँकेला कळवल्याची वेळ आणि तक्रार क्रमांक हातात पाहिजेच. ओटीपी न देता, त्रयस्थाच्या कृत्याने पैसे गेले असतील तर तीन कामकाजी दिवसांत कळवल्यास ग्राहकावर काहीच जबाबदारी येत नाही.

बर्डीवरच्या एका कॉम्प्युटरच्या दुकानातला मुलगा संध्याकाळी घरी आला. त्याने आधी ते दूरवरून बघणारं अ‍ॅप काढलं. ते कॉम्प्युटर सुरू होताच आपोआप चालू होईल आणि कुणी न विचारता आत येता येईल, असं लावून ठेवलेलं होतं. मग माझ्या क्लिकच्या प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये त्याला अनोळखी डीएलएल सापडली. विंडोज फाइल शोधताना साधारणपणे आधी प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये बघतो, म्हणून लबाड फाइल तिथेच ठेवतात. आणि आमच्यासारख्यांच्या प्रोग्रामचं कामच असं असतं की ते इतर खिडक्यांमधलं वाचतात, त्यांना क्लिक आणि अक्षरं पाठवतात. चोराला यापेक्षा सोयीची जागा कुठली मिळणार? मुलाने सरळ फॉरमॅट मारला.

खरी दुरुस्ती चहा गार व्हायच्या आत झाली. मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून व्हिज्युअल सी प्लस प्लसचं रिडिस्ट्रिब्युटेबल पॅकेज, फुकट. विंडोज ६४ बिटचा असला तरी प्रोग्राम ३२ बिटचा असेल तर त्याला पॅकेजही ३२ बिटचंच, म्हणजे एक्स८६ लागतं. दोन्ही टाकून ठेवली तर डोक्याला ताप नाही. गंमत म्हणजे ६४ बिटच्या फाइली सिस्टम३२ नावाच्या फोल्डरमध्ये राहतात आणि ३२ बिटच्या सिसवाव६४ मध्ये. नावं नेमकी उलटी, त्यामुळे सुटी फाइल आणून हाताने टाकणारे भलत्याच फोल्डरमध्ये टाकतात. सुटी डीएलएल विकणारा किंवा फुकट वाटणारा कुणीही असो, दार लावून घ्या. फाइल ज्या पॅकेजची, ते पॅकेज ज्याने बनवलं त्याच्याकडून अख्खं घ्यायचं. पहिल्या पाटीतही तेच लिहिलेलं होतं, आणि त्या पाटीत फोन नंबर नव्हता. मायक्रोसॉफ्टच्या चूक दाखवणाऱ्या पाटीत फोन नंबर कधीच नसतो.

विंडोजचीच एखादी फाइल बिघडली असेल, समजा ऑन-स्क्रीन कीबोर्डच उघडत नसेल, तर अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून 'एसएफसी', थोडी जागा, मग 'स्कॅननाउ'च्या आधी तिरकी रेघ (/), असं इंग्रजीत कुणाकडून तरी टाइप करून घ्या. विंडोज आपल्या फाइली स्वतः तपासून बदलून घेतो. एक रुपया लागत नाही.

ते ३बी भाच्याने मुदतीच्या रात्री माझ्या शेजारी बसून भरले. बँकेच्या उत्तराची वाट बघतोय. ३० दिवसांत समाधान झालं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करता येते, तिला फी नाही. अर्ज लिहून तयार ठेवला आहे, आणि तो दुकानातला मुलगा साक्षीला त्या लबाड फाइलचा फोटो देतो म्हणाला आहे.