मंदिर ते मशीद, आणि तिथून पाच मिनिटं पुढे

अहमदाबादच्या जुन्या शहरातला अडीच तासांचा पायी फेरफटका आम्ही दोघी बहिणींनी संक्रांतीनंतर आठवड्याने केला. माझं वय ६३, धाकटीचं ५९. मुलगी नोकरीसाठी तिकडे असते, तिनेच मोबाईलवरून दोघींची जागा धरली. माणशी ३०० रुपये. महापालिकेने १९९७ साली कालुपूरच्या मंदिरापासून जामा मशिदीपर्यंतचा हेरिटेज वॉक सुरू केला. आम्ही गेलो ते एका लहान खासगी गटाबरोबर, पण वाट साधारण तीच. गटाचं नाव मी लिहीत नाही, कारण पुढे दोन-तीन तक्रारीही लिहायच्या आहेत आणि आम्हाला फिरवणारा मुलगा मनापासून काम करणारा होता.

पावणेआठला कालुपूरच्या स्वामिनारायण मंदिराच्या आवारात जमायचं. हे मंदिर १८२२ सालचं, बर्मा सागवानाचं. खांब, कमानी, कंस, सगळं कोरीव आणि सगळं रंगवलेलं. आमच्याकडे लाकूड म्हणजे तेलपाणी करून काळसर ठेवायचं, त्यामुळे लाल-हिरव्या रंगांची आधी सवय व्हावी लागते. आम्ही ११ जण होतो. मुलाने सगळ्यांना एकदा विचारून घेतलं की कोणाला हिंदी चालेल, कोणाला चढण त्रासाची आहे. माझे गुडघे बघून म्हणाला, “मासी, तुम्ही माझ्या बाजूने चाला. पायरी आली की मी आधी सांगेन.” आणि शेवटपर्यंत त्याने ते पाळलं.

तिथून लांबेश्वरनी पोळ. कवी दलपतरामांचं घर इथे होतं. आता घराच्या जागी लहानसा चौक आहे, घराचा दर्शनी भाग उभारलेला, आणि ओट्यावर कवी स्वतः ब्रॉन्झचे बसलेले. हात धरून शेजारी बसावं इतक्या उंचीवर. बहीण खरंच बसली. समोरच्या घरातल्या बाई दारात दूध घेत होत्या, त्यांनी तिच्याकडे बघून मान हलवली, जणू रोजच कोणीतरी बसतं.

पोळ म्हणजे आळी म्हणावी तर आळी नाही, वाडा म्हणावा तर वाडा नाही. तोंडाशी एक दरवाजा, दरवाजावर राखणदाराची खोली, आत वळत जाणारी गल्ली आणि भिंतीला भिंत लावून उभी घरं. गल्लीतून आणखी लहान खडकी फुटते, ती मोठ्या अंगणात संपते. मध्ये चबुतरा. आपण ज्याला चबुतरा म्हणतो तो नव्हे, खांबावर उभारलेलं पाखरांचं घर, दाणे टाकायला. आमच्या डोक्यावरच्या तारांमध्ये उत्तरायणचा मांजा अजून लोंबत होता. चबुतऱ्याभोवतालचा मांजा मात्र कोणीतरी काढून टाकला होता. त्या दिवसांत पोळांमधल्या गच्च्या पतंगासाठी भाड्याने जातात, हेही तिथेच कळलं.

एका घरात आम्हाला आत नेलं. आधी त्याने दारातून हाक मारली, आजींनी हो म्हटल्यावरच आम्ही चपला काढल्या. हे मला फार आवडलं. लोक राहतात त्या गल्लीत फिरायचं तर एवढी रीत हवीच. घर अरुंद, खोल, मध्ये उघडा चौक. चौकाच्या फरशीत लोखंडी झाकण, त्याखाली टाकं. गच्चीवरचं पावसाचं पाणी नळीने खाली येतं आणि अंधारात वर्षभर राहतं. आजींनी झाकण उचलून कळशी सोडली आणि म्हणाल्या, डाळ शिजवायला अजून हेच पाणी. भिंतींमध्ये विटांच्या थरांत लाकडाच्या तुळया का घातल्या आहेत, तेही त्या मुलाने इथेच सांगितलं. भूकंपात लाकूड लवतं, विटांना धरून ठेवतं. २६ जानेवारी २००१ ला शहरातल्या कितीतरी नव्या इमारती कोसळल्या, तेव्हा आजी याच चौकात उभ्या होत्या. त्यांनी खांबाला हात लावून दाखवला.

रिलीफ रोडवरच्या कॅलिको डोमपाशी दोन मिनिटं थांबलो. गौतम आणि गिरा साराभाई यांनी १९६२ साली मिलच्या दुकानासाठी केलेला तो घुमट. तोही २००१ नंतर खचला. रस्त्यावर एवढी वाहनं होती की मुलगा काय बोलला ते मला नीट ऐकूच आलं नाही. ही पहिली तक्रार. रस्त्यावर जे सांगायचं ते गल्लीत शिरल्यावर सांगावं.

हाजा पटेलनी पोळमध्ये काळा रामजी. नाशिकच्या माणसाला काळा राम म्हटलं की पाय आपोआप वळतात. आमचा राम उभा आहे, इथला बसलेला. वनवासातला राम म्हणून तो बसलेला, असं पुजारीबुवांनी सांगितलं. बाहेरून देऊळ दिसतच नाही, घरासारखं घर. पहाटेच्या आरतीनंतरचा वास तोच, कापूर आणि तुळस. बहिणीने माझा हात धरला आणि आम्ही काही वेळ बोललो नाही. आई आम्हाला पंचवटीत अशीच न्यायची.

पुढे कुवावाळा खांचा. एका विहिरीभोवती उभी घरं, प्रत्येकाच्या लाकडावर वेगळ्या काळाची छाप. एकीकडे बोट दाखवून तो म्हणाला, “हे मराठा काम.” मग माझ्याकडे वळून त्याने विचारलं, “तुम्ही नाशिकचे ना?” आणि मग जे सांगितलं ते जरा हळू आवाजात. पोळांना दरवाजे लागले, गुप्त वाटा झाल्या, त्या अठराव्या शतकातल्या धामधुमीत. मोगलांचे सुभेदार एकमेकांत लढत होते आणि मराठ्यांच्या फौजा खंडणीसाठी येत होत्या. १७२५ च्या सुमारास शहर लुटलं जाणार म्हणून नगरशेठ खुशालचंदांनी पदरचे पैसे देऊन फौजा परतवल्या. नंतर व्यापाऱ्यांनी मालावर छोटा हिस्सा लावून ते उपकार फेडले. आम्ही शाळेत ज्या मोहिमा अभिमानाने पाठ केल्या, त्यांची दुसरी बाजू म्हणजे हा दरवाजा आणि ही वरची राखणदाराची खोली. त्याने ती आमच्यापासून लपवली नाही आणि टोचूनही सांगितली नाही. याबद्दल त्याला पूर्ण गुण.

मग ती गुप्त वाट. एका पोळीच्या घराशेजारचं साधं दार, आत बोळ, आणि बाहेर आलो तर दुसरीच पोळ. पोटाने मोठा माणूस तिरपा होऊन जाईल इतपत.

हरकुंवर शेठाणींच्या हवेलीपुढे मात्र आम्हाला जास्त वेळ हवा होता. शेठ हठीसिंग दिल्ली दरवाजाबाहेर मोठं जैन देरासर बांधायला निघाले आणि मध्येच गेले. ते काम त्यांच्या पत्नीने, हरकुंवरबाईंनी, १८४८ साली पुरं केलं. त्या काळात एका विधवा बाईने कारागीर, दगड, पैसा, हिशेब सगळं हाताशी धरलं. मुलींच्या शाळेलाही पैसा दिला. हवेलीचा सज्जा खालून बघताना मान दुखते इतका लांब कोरलेला. इथे आम्हाला चार मिनिटं मिळाली. पुढच्या दुकानातल्या साच्यांसमोर मात्र दहा. ही दुसरी तक्रार.

फर्नांडिस पुलाखालच्या पुस्तकांच्या बाजारातून, मुहूर्त पोळीवरून, शेअर बाजाराच्या जुन्या इमारतीवरून भराभर गेलो. माणेक चौकात त्या वेळी सोन्याची दुकानं उघडत होती. रात्री तिथेच खाण्याच्या गाड्या लागतात. मग राणीनो हजीरो, म्हणजे राण्यांच्या कबरी, भोवती ओढण्या आणि मुखवासाचे ढीग. आणि समोर बादशहानो हजीरो, १४११ साली हे शहर वसवणाऱ्या अहमदशहाची कबर.

इथे माझी तिसरी आणि मोठी तक्रार. कबरीच्या आतल्या दालनात बायका जात नाहीत. तिथला रिवाज आहे, तो मी पाळला. पण हे आम्हाला दारात पोचल्यावर कळलं, आणि सगळी माहिती आत सांगितली गेली. पुरुष आत ऐकत होते, आम्ही पाच जणी बाहेर चपलांपाशी. तीच माहिती बाहेर ओसरीत सांगितली असती तर सगळ्यांना मिळाली असती. मी मुलाला तसं म्हटलं. त्याने कान धरले नाहीत की सबब दिली नाही. “मासी, उद्यापासून बाहेर सांगेन,” एवढंच म्हणाला.

जामा मशीद १४२४ ची. मोकळं अंगण, मध्ये हौद, आणि आत २६० खांब. मनोरे होते, ते १८१९ च्या भूकंपात पडले, बुंधे राहिले आहेत. सकाळच्या उन्हात पिवळसर दगड इतका मऊ दिसतो की हात लावावासा वाटतो. वरच्या बाजूला जाळीचा सज्जा आहे, राजघराण्यातल्या स्त्रियांसाठी. साडेदहाला फेरफटका इथेच संपला. फाफडा, जिलबी आणि कच्च्या पपईचा संभारो घेऊन लोक पांगले.

जुन्या शहरातल्या तीन कमानींच्या वेशीबद्दल मी त्या मुलाला विचारलं, “तीन दरवाजा नाही का दाखवत?” तो म्हणाला, तो आपल्या वाटेवर नाही, पण इथून पाचच मिनिटं.

माझी नोकरी दुय्यम निबंधक कार्यालयात झाली. ३१ वर्षं. खरेदीखतं, गहाणखतं, मृत्युपत्रं, आणि आठवड्याला कितीतरी हक्कसोडपत्रं. वडील गेले की बहिणी भावाच्या नावाने हक्क सोडतात. मी समोर बसून विचारायची, वाचलंत का, समजलं का, खुशीने देताय का. बाई भावाकडे बघायची आणि हो म्हणायची. मग अंगठा किंवा सही. १९९४ ला महाराष्ट्रात आणि २००५ ला साऱ्या देशात हिंदू कायद्यात मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाइतका वाटा मिळाला, त्यानंतर तर हक्कसोडपत्रं वाढलीच. आम्ही दोघींनीही केलं आहे. माहेरचं दार उघडं राहावं म्हणून. भाऊ वाईट नाही. पण त्या दिवशी टेबलाच्या दुसऱ्या बाजूला बसले तेव्हा तोच प्रश्न मला माझ्या सहकाऱ्याने विचारला आणि मीही भावाकडेच बघितलं.

म्हणून तीन दरवाजा मला बघायचाच होता. अहमदाबाद १७५८ पासून सुमारे ६० वर्षं पेशवे आणि गायकवाड यांच्याकडे होतं. १८१२ साली मराठ्यांचे सुभेदार चिमणाजी रघुनाथ यांनी तिथे एक फर्मान दगडात कोरवलं, देवनागरीत. मुलीला बापाच्या मालमत्तेतला तिचा वाटा बिनतक्रार मिळावा. जो आडवा येईल तो हिंदू असेल तर त्याने महादेवाला जाब द्यावा, मुसलमान असेल तर अल्लाला आणि रसुलाला. वर्तमानपत्रातलं त्याबद्दलचं कात्रण मी कचेरीतल्या काचेखाली कित्येक वर्षं ठेवलं होतं.

आम्ही दोघी चालत गेलो. तीन कमानी, खालून रिक्षा, दुचाक्या, पायमोजे आणि प्लास्टिकच्या बाहुल्या विकणारे. दगड लगेच सापडला नाही. एका कमानीच्या आत कंगवे विकणाऱ्या माणसाला विचारलं, त्याने आधी मान हलवली, मग “लखाण?” म्हणून विचारलं आणि आपली टोपली सरकवून जागा करून दिली. अक्षरं झिजलेली, धुळीने बुजलेली. सलग वाचता येत नाहीत. बहिणीने पदराने एक ओळ पुसली.

या फेरफटक्याला मी पाचपैकी चार देते आणि पाचवा त्या मुलाकडे मागते. साच्यांच्या दुकानातली दहा मिनिटं काढून इथे द्यावीत. मराठी माणसं गटात असतील तर नक्कीच. आमच्या फौजा आल्याची गोष्ट तो इतक्या नीट सांगतो, तर आमच्या सुभेदाराने काय कोरलं तेही त्याच तोंडून ऐकायला हवं.

जाणाऱ्यांसाठी: शुक्रवार टाळा, दुपारच्या नमाजामुळे मशिदीत गर्दी असते. चपला पाच-सहा वेळा काढाव्या लागतात, तेव्हा बंदाचे बूट नकोत. वाटेत स्वच्छतागृह धड नाही, मंदिरातच जाऊन घ्या. थंडीत शाल लागते, नऊनंतर ती हातात येते. तीन दरवाजापाशी जाणार असाल तर एक कोरडं फडकं जवळ ठेवा.