एफपीएस बघायला आफ्टरबर्नर-रिव्हाट्यूनर: दिसायला जुनाट, कामाला एक नंबर

गेमच्या कोपऱ्यात एफपीएसचा (सेकंदाला किती फ्रेम, म्हणजे चित्रं, येतात त्याचा) आकडा दिसला की जिवाला बरं वाटतं, पण तो आकडा मोजतो बरोबर आणि सांगतो अर्धवट. समजा एका सेकंदात ५५ फ्रेम प्रत्येकी १४ मिलिसेकंदात आल्या आणि मग एकच फ्रेम २३० मिलिसेकंद अडकून बसली, तर आकडा दाखवणार ५६. ५६ म्हणजे मस्तच की! पण प्रत्यक्षात जवळजवळ पाव सेकंद स्क्रीन गोठलेली असते आणि तेवढ्यात समोरच्याने तुम्हाला उडवलेलं असतं. "एफपीएस चांगला येतोय तरी गेम अडखळतो" ही जी नेहमीची रड असते ना, तिचं मूळ निम्म्या वेळा इथेच असतं.

हे पकडायला मी एमएसआय आफ्टरबर्नर आणि त्याच्यासोबत येणारं रिव्हाट्यूनर स्टॅटिस्टिक्स सर्व्हर, ज्याला सगळे आरटीएसएसच म्हणतात, ही जोडी वापरतो. दोन्ही फुकट. नावात एमएसआय असलं तरी ग्राफिक्स कार्ड कुठल्याही कंपनीचं चालतं, एनव्हिडिया असो नाहीतर एएमडी. कामाची वाटणी अशी की आफ्टरबर्नर कार्डाचं तापमान, वापर, क्लॉक (वेग) वगैरे माहिती गोळा करतं आणि आरटीएसएस ती गेमच्या वर रंगवतं, शिवाय फ्रेम मोजायचं काम पण आरटीएसएसचंच.

आता खरं सांगायचं तर पहिली भेट काही सुखाची नाही. इन्स्टॉल करून गेम चालू केला की स्क्रीनवर काहीच दिसत नाही आणि माणूस म्हणतो झालं, हे पण बिघडलं. बिघडलेलं काही नसतं. आफ्टरबर्नरच्या सेटिंगमध्ये मॉनिटरिंग टॅबमध्ये एक लांबलचक यादी आहे, त्यात 'फ्रेमरेट' (म्हणजेच एफपीएस) शोधायचं, नुसती डावीकडची टिक पुरत नाही, ती ओळ निवडून खाली 'शो इन ऑन-स्क्रीन डिस्प्ले' ही वेगळी टिक लावायची, मग त्या ओळीपुढे 'इन ओएसडी' असं येतं आणि तेव्हा कुठे आकडा गेममध्ये उगवतो. एवढी साधी गोष्ट इतकी आत का दडवली देव जाणे. ज्याला फक्त एफपीएस हवाय त्याने आफ्टरबर्नरच्या वाटेला न जाता थेट आरटीएसएसच्या खिडकीत 'शो ओन स्टॅटिस्टिक्स' ऑन करावं, काम झालं. अक्षरं बारीक वाटली तर 'ऑन-स्क्रीन डिस्प्ले झूम' तिथेच आहे. खिडकीचं रूपडं बघून मात्र वीस वर्षांपूर्वीचा म्युझिक प्लेयर उघडल्यासारखं वाटतं.

पण एकदा बसवलं की मग मजा. आफ्टरबर्नरच्या त्याच यादीत 'फ्रेमटाइम' (एका फ्रेमला लागलेला वेळ) आहे, ते लावा आणि टेक्स्टऐवजी ग्राफ निवडा. या एका ग्राफसाठी मी हे सॉफ्टवेअर सोडत नाही. ६० एफपीएस म्हणजे दर फ्रेमला १६.६७ मिलिसेकंद, १४४ म्हणजे ६.९४, आणि रेषा सपाट चालली असेल तर गेम हाताला मऊ लागतो, मग आकडा ५० का असेना. रेषेत मध्येच सुळका आला की तोच तुमचा झटका. सुळके नव्या जागेत पहिल्यांदा शिरताना येतात आणि परत तिथेच गेल्यावर येत नाहीत, तर बहुतेक शेडर (चित्र रंगवणारे छोटे प्रोग्रॅम) पहिल्यांदा तयार, म्हणजे कंपाइल, होण्याचा प्रकार असतो, त्यावर ग्राफिक्स कमी करून फारसा उपयोग नाही. कार्डाची मेमरी काठोकाठ भरलेली दिसतेय आणि मान वळवली की सुळका, तर टेक्स्चर (वस्तूंवर चढवलेली चित्रं) एक पायरी खाली आणा. (मेमरीचा आकडा गेमने राखून ठेवलेली जागा दाखवतो, सगळी खरंच वापरात असेलच असं नाही, त्यामुळे तो नुसता मोठा दिसला म्हणून लगेच घाबरू नका.)

फ्रेमरेटच्या शेजारी जीपीयू युसेज (कार्डाचा वापर) पण लावाच. ते ९७-९९ टक्क्यांवर असेल तर कार्ड जीव तोडून काम करतंय, रिझोल्यूशन किंवा सावल्या कमी केल्या की एफपीएस वाढेल. ते ६० टक्क्यांवर रेंगाळतंय, एफपीएसही कमी, आणि व्ही-सिंक (स्क्रीनच्या वेगाशी फ्रेम जुळवणं) किंवा एफपीएसचं लिमिट लावलेलं नाही, तर अडथळा बहुतेक सीपीयूचा. इथे लोक हमखास म्हणतात "अहो पण सीपीयू तर ३० टक्केच दाखवतोय", तर ते ३० टक्के सगळ्या थ्रेडची (सीपीयू एकाच वेळी चालवतो त्या कामाच्या रांगांची) सरासरी असते. १६ थ्रेडच्या सीपीयूत एक थ्रेड पूर्ण भरला तरी एकूण वापरात त्याचे जेमतेम ६ टक्के दिसतात, आणि गेमचा मुख्य थ्रेड तोच असला की बाकीचे मोकळे असून फायदा शून्य. आफ्टरबर्नर प्रत्येक थ्रेड वेगळा दाखवू शकतं, शंका असेल तेव्हा ते लावून बघा.

१% लो पण आहे, म्हणजे सगळ्यात हळू आलेल्या एक टक्का फ्रेमवरून काढलेला एफपीएस. सरासरी ९० आणि १% लो ३५ असेल तर ते ९० विसरून जा. फक्त हा आकडा काढायची पद्धत प्रत्येक सॉफ्टवेअरची वेगळी असते, त्यामुळे व्हिडिओत बघितलेला आणि आपला शेजारी ठेवून भांडत बसू नये.

आरटीएसएसचं फ्रेमरेट लिमिट हा बोनस. बऱ्याच गेमचं स्वतःचं लिमिट असतं पण रेषा थरथरते, इथे ६० टाकलं की पट्टीने मारल्यासारखी सरळ. बदल्यात इनपुटला किंचित उशीर होऊ शकतो, स्पर्धात्मक शूटर खेळणाऱ्यांनी तेवढं बघावं, गोष्टीवाल्या गेमला मात्र झकास.

बाकी पर्यायांचं म्हणाल तर फ्रॅप्स या जुन्या सॉफ्टवेअरचा तो पिवळा आकडा अजून कित्येकांच्या डोळ्यांसमोर असेल, पण त्याचं शेवटचं अपडेट २०१३ चं आहे आणि डायरेक्टएक्स १२ त्याला झेपत नाही, सोडून द्या. विंडोजचा गेम बार विन-जी दाबला की येतो, एफपीएससाठी आधी परवानगी मागतो आणि पीसी रीस्टार्ट करायला लावतो, कामचलाऊ आहे. एनव्हिडिया अ‍ॅपमध्ये ऑल्ट-आर आहे, एएमडीवाल्यांना अ‍ॅड्रेनालिन सॉफ्टवेअरमध्ये तसाच ओव्हरले (गेमवर दिसणारे आकडे) मिळतो. गेम विकणाऱ्या स्टीमचा ओव्हरले मात्र आता खरंच चांगला झालाय. आधी कोपऱ्यात नुसता आकडा यायचा, २०२५ पासून सीपीयू, जीपीयू, रॅम तर दाखवतोच, पण फ्रेम जनरेशन (खऱ्या फ्रेमच्या मध्ये सॉफ्टवेअरने बनवलेल्या फ्रेम घालणं) चालू असेल तर खऱ्या फ्रेम आणि बनवलेल्या फ्रेम वेगळ्या करून दाखवतो. हे फार गरजेचं होतं, कारण एनव्हिडियाच्या डीएलएसएसने किंवा एएमडीच्या एफएसआरने अशा फ्रेम घालून १२० चा आकडा आणला तरी माउसला प्रतिसाद खालच्या खऱ्या ६० च्याच हिशोबाने मिळतो. ज्याला फार खोलात शिरायचं नाही त्याने स्टीमवरच भागवावं. आणि ज्याला बेंचमार्क नोंदवून आलेख बघत बसायचंय त्याच्यासाठी कॅपफ्रेमएक्स आहे, ते आतून इंटेलचं प्रेझेंटमॉन वापरतं.

आफ्टरबर्नर घेताना एमएसआयच्या साइटवरून किंवा गुरूथ्रीडी या साइटवरूनच घ्या, सर्चमध्ये वर आलेल्या कुठल्याही लिंकवर क्लिक करू नका. याच्या नकली साइट बनवून मालवेअर वाटलं गेलंय, २०२१ मध्ये एमएसआयनेच तसा इशारा दिला होता. आणि आरटीएसएस गेमच्या आत स्वतःची फाइल घुसवून आकडे रंगवतं, त्यामुळे काही ऑनलाइन गेमच्या अँटी-चीटला (फसवणूक पकडणाऱ्या प्रोग्रॅमला) ते खपत नाही, कधी ओव्हरले दिसत नाही तर कधी गेमच चालू होत नाही. अशा गेमची एक्झी (.exe) फाइल आरटीएसएसच्या यादीत टाकून तिच्यापुरतं 'अ‍ॅप्लिकेशन डिटेक्शन लेव्हल' 'नन' (None) करा, नाहीतर सरळ आरटीएसएसमधून एक्झिट मारून खेळा.