सँड्स ऑफ टाइम परत खेळून बघितला: वेळ मागे फिरवा, पण वाळू मोजून

जुने गेम उकरून काढायची हुक्की अधूनमधून येतेच, यावेळी नंबर लागला ‘प्रिन्स ऑफ पर्शिया: द सँड्स ऑफ टाइम’चा. २००३ चा, युबिसॉफ्ट कंपनीच्या मॉन्ट्रियल स्टुडिओचा. गोष्ट जॉर्डन मेकनरची, म्हणजे १९८९ चा पहिला प्रिन्स ज्याने केला तोच. त्या पहिल्या गेममध्ये वेळ मानगुटीवर बसलेली असायची, ६० मिनिटांत राजकन्या सोडवा नाहीतर खेळ खल्लास. इथे वेळ सरळ तुमच्या हातात देऊन टाकलीय आणि सगळी भानगड तिथूनच सुरू होते.

गोष्ट थोडक्यात अशी, बापाच्या सैन्याबरोबर लढायला आलेला आपला राजपुत्र एका महाराजाच्या महालातून एक खंजीर उचलतो, वाळूचं भलंमोठं घड्याळही लुटीत येतं, आणि मग वजीर गोड बोलून त्याच्याच हातून ते घड्याळ उघडवतो. जी जादू कुलपात ठेवलेली होती ती बाहेर, अख्खा महाल वाळूच्या राक्षसांनी भरलेला. वाचतात फक्त तिघं, खंजीर असलेला राजपुत्र, गळ्यात ताईत असलेली महाराजाची मुलगी फराह, आणि काठीवाला वजीर.

आता मुद्द्याचं. बटण दाबून धरलं की वेळ मागे जाते, साधारण १० सेकंदांपर्यंत. उडी चुकली, खाली काटे, आता गेलोच असं वाटतं तोवर अंग उलटं वर येतं, हात परत त्या कठड्यावर, आणि तुम्ही हुश्श करता. पण दर वेळी खंजिरातल्या वाळूची एक टाकी रिकामी होते. वाळू भरायची कशी, तर राक्षस आडवा पाडला की त्याच्यात खंजीर खुपसायचा, नुसती तलवार मारून सोडलात तर तो परत उठतो. म्हणजे चूक सुधारायची ताकद हवी तर आधी जीव धोक्यात घालून ती कमवा. मला हा हिशोब प्रचंड आवडला, कारण यामुळे माणूस कंजूष होतो, छोटी चूक झाली तर राहू दे म्हणतो, थोडं रक्त गेलं तरी चालेल, पाणी प्यायलं की भरतं, टाकी नको जायला. आजकाल बऱ्याच गेममध्ये रिवाइंड फुकट मिळतं आणि मग त्या जादूची भीतीच वाटत नाही. इथे वाळू संपली आणि पडलात की पडलात. त्यात गोष्ट सांगणारा राजपुत्रच असल्यामुळे तुम्ही मेलात की तो मध्येच म्हणतो, छे, असं झालं नव्हतं. खूप हसू येतं त्याला, पहिल्या पंधरा वेळा तरी.

सेव्ह करायची जागासुद्धा वाळूच्या झोतातच, आत गेलं की पुढे काय होणार त्याची झलक दिसते. कोडं कसं सुटणार ते आधीच बघायचं आणि तरी अडकायचं, हे आपलं कौशल्य!

भिंतीवरून पळणं, खांबांवरून उड्या, हे सगळं आजही मस्त. मारामारी मात्र कंटाळवाणी, एकामागून एक राक्षस येतच राहतात, कॅमेरा भलत्याच कोपऱ्यात जातो, आणि वर फराहलाही जपायचं कारण ती मेली की गेम ओव्हर. स्टुअर्ट चॅटवुडचं संगीत तेवढं सावरून नेतं.

पुढे स्पॉयलर आहे, खेळला नसेल तर हा पॅरा सोडा. शेवटी राजपुत्र सगळंच मागे फिरवतो, घड्याळ उघडलंच नव्हतं तिथपर्यंत. म्हणजे फराहला यातलं काहीच आठवत नाही. मग तो तिचं चुंबन घेतो, ती चिडते, आणि हा पठ्ठ्या सरळ खंजीर वापरून तेवढे क्षण पुसून टाकतो. लोक याला रोमँटिक म्हणतात, मला तर तिथेच कळलं की ही वस्तू कुणाच्याच हातात का नको. समोरच्याने नाही म्हटलेलंच गायब करता येतं राव. राक्षसांपेक्षा हे भयानक आहे, आणि गेम त्यावर एक अक्षर न बोलता पुढे जातो.

हिशोब चुकता करायला येतो तो २००४ चा दुसरा भाग, वॉरियर विदिन. वाळू मोकळी करणाऱ्याने मरायलाच हवं होतं, हा जिवंत कसा, म्हणून काळाचा राखणदार दहाका मागे लागतो आणि फक्त पाण्याच्या पडद्याला अडतो. कल्पना एक नंबर, पण तिथला राजपुत्र कायम दात-ओठ खाणारा आणि वर हेवी मेटल गाणी, माझं काही जमलं नाही.

सँड्स ऑफ टाइमच्या रिमेकची घोषणा २०२० ला झाली होती, तेव्हा काम युबिसॉफ्टच्या पुणे आणि मुंबईच्या स्टुडिओंकडे होतं, २०२२ मध्ये ते मॉन्ट्रियलला गेलं. २०२६ मध्ये तो रद्दच झाला, तेव्हा जुनाच घ्या, आठ-दहा तासांत उरकतो. पीसीवर मोठ्या स्क्रीनसाठी थोडी सेटिंगची खटपट करावी लागते, आणि शक्यतो कंट्रोलर जोडा, कीबोर्डवर त्या भिंतीवरच्या उड्या मारताना अर्धी वाळू तिथेच संपते.